तात्यांच्या कडेवर

चि. अमोल यास,
अनेक आशीर्वाद.

परवा तू विचारलंस, "अप्पा, जुन्या फोटोंत मी सगळ्यांच्या कडेवर आहे, तुमच्याच का नाही?" मी घेवड्याच्या भावाचं काहीतरी बोललो आणि फोन तुझ्या आईकडे दिला. तोंडानं जमलं नसतं, म्हणून लिहितोय.

कोरेगावच्या आपल्या घरात तेव्हा 19 माणसं. पहाटे बंब पेटायचा. आधी अण्णांची आंघोळ, मग शाळेची पोरं. बायकांच्या वाट्याला उरलंसुरलं कोमट. पुरुषांची पंगत, मग पोरांची, आणि तुझी आई जावांबरोबर ताटावर बसेपर्यंत कालवण तळाला गेलेलं. त्याबद्दल तिलाच विचार, ती माझ्यापेक्षा खरं सांगेल.

वडीलधाऱ्यांसमोर आपलं पोर आपण उचलायचं नाही, हे कुणी शिकवलं नव्हतं, पण सगळ्यांना ठाऊक होतं. तुला तात्यांनी घ्यायचं, त्यांच्या नमूला मी. एकदा तू सोप्याच्या पायरीवरून पडलास. ओठ फुटला, रक्त आलं. अण्णा समोर पान जुळवत बसलेले. मी जागचा हललो नाही. गोठ्यातून तात्या धावत आले.

त्या रात्री मी अण्णांना विचारलंच. एवढंच म्हणाले, "बहात्तर आठव."

1972 च्या दुष्काळात मी 11 वर्षांचा होतो. रेशनवर मिलो नावाची तांबडी ज्वारी मिळायची, तिची भाकरी थापता थापता चिरायची. आई ती मोडून आधी जावांच्या पोरांना द्यायची, मला शेवटी. मला तिचा फार राग यायचा. पण माझं-तुझं झालं नाही म्हणूनच त्या वर्षी घरात भांडण पेटलं नाही, हे अण्णांना म्हणायचं होतं. पटलं मला. तरी तुझा फुटलेला ओठ डोळ्यांपुढून जात नाही.

पुढे 1994 ला चुली वेगळ्या झाल्या, सातबाऱ्यावर नावंही वेगळी पडली. आता कुणाची आडकाठी नव्हती. पण तू दहा वर्षांचा झाला होतास, उचलून घेऊ म्हटलं तर लाजून पळायचास.

आणि हो, अण्णांचं घोरणं सुरू झालं की तुझी आई तुला माडीवर माझ्याकडे आणून द्यायची. तिथं फोटोवाला कुठून येणार?

दिवाळीला या. पाच किलो घेवडा बाजूला ठेवलाय. तात्या विचारत होते, बाळ परक्याकडे जातं का.

तुझे,
अप्पा