शिरपूरच्या पार्श्वनाथाला बंदोबस्ताशिवायही काही द्या

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई यांस,

सप्रेम नमस्कार.

वाशिम जिल्ह्यात, मालेगाव तालुक्यात आमचं शिरपूर आहे. जानगीर महाराजांचं संस्थान, मिर्झा बाबांचा दर्गा आणि अंतरिक्ष पार्श्वनाथाचं जैन देऊळ, तिन्ही एकाच गावात. मुंबईत मात्र शिरपूरचं नाव निघतं ते तिसऱ्यामुळेच, आणि तेही वाद पेटला की. अशा वेळी सरकार धावून येतं ते खाकी कपड्यांत. म्हणून हे पत्र गृह खात्याला न लिहिता तुमच्या खात्याला लिहितो आहे.

मी जैन नाही. दिगंबरांची बाजू मांडायची नाही, श्वेतांबरांचीही ओढायची नाही. माझं म्हणणं त्या मूर्तीपुरतं आहे.

देवळात भुयारात उतरावं लागतं. खाली काळी, अर्धपद्मासनातली, नागफणांच्या छत्राखालची मूर्ती. ती अधांतरी आहे ही श्रद्धा, आणि तिच्याखालून वस्त्र सरकवून दाखवण्याची रीत आजची नाही. १४व्या शतकात जिनप्रभसूरी या जैन आचार्यांनी तीर्थांची वर्णनं लिहिली, त्यात शिरपूर आहे. पूर्वी डोक्यावर घागर घेतलेली बाई मूर्तीखालून जाई, आता जेमतेम वस्त्र जातं, असं ते सांगतात. म्हणजे सातशे वर्षांपूर्वीसुद्धा लोक खाली वाकून ते अंतर न्याहाळत होतेच!

कथा तर आमच्याकडे पोराटोरांना पाठ. रावणाकडची माणसं वाटेत पूजेची मूर्ती विसरल्याचं ध्यानात येताच वाळू आणि शेणाची मूर्ती घडवतात, पूजा आटोपून ती पाण्यात सोडून देतात. पुढे कैक काळानं एलिचपूरच्या (आजच्या अचलपूरच्या) राजाचं कुष्ठ त्याच पाण्यानं बरं होतं. मूर्ती गाडीतून न्यायची, पण मागे वळून पाहायचं नाही, अशी अट. राजानं शिरपुरात वळून पाहिलंच. गाडी पुढे गेली, मूर्ती जागच्या जागी अधांतरी राहिली.

कथेवर विश्वास ठेवा अगर ठेवू नका, वाळू-शेणाची गोष्ट मला फार मोलाची वाटते. ही मूर्ती नाजूक आहे, तिला जपावं लागतं, हे आपल्या आधीच्या लोकांनी कथेतच सांगून ठेवलं आहे. म्हणूनच तिच्यावर लेप चढवायची प्रथा पडली. आणि भांडण पेटलं तेही त्या लेपावरूनच.

१९०५ साली दोन्ही पंथांनी बसून पूजेच्या वेळा वाटून घेतल्या होत्या. श्वेतांबरांच्या पाळीत वरून बसवलेले चक्षू म्हणजे डोळे, टिळा, मुकुट. दिगंबरांच्या पाळीत ते उतरवलेले. शहाणपणाची तोड होती. पण १९०८च्या लेपात कंबरेचा पट्टा आणि लंगोटाची खूण उमटवण्यावरून बिनसलं, कारण दिगंबरांची मूर्ती निर्वस्त्र असते. १९१०मध्ये अकोल्याच्या कोर्टात दावा, तिथून नागपूर, नागपुराहून थेट लंडनची प्रिव्ही कौन्सिल, म्हणजे इंग्रजी अमदानीतलं शेवटचं अपील न्यायालय. १९२९ला तिथं श्वेतांबरांचा व्यवस्थेचा आणि लेपाचा हक्क मान्य झाला, दिगंबरांची ठरलेल्या वेळची पूजा कायम राहिली. तरीही १९८१मध्ये देवळाला कुलूप लागलं. बेचाळीस वर्षं लोकांनी लहानशा झरोक्यातून दर्शन घेतलं. फेब्रुवारी २०२३मधल्या सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं दार उघडलं, आणि त्याच मार्चमध्ये आवारात हाणामारी झाली, ती सगळ्या राज्यानं टीव्हीवर पाहिली. अहिंसेच्या तीर्थात! असो.

साहेब, हक्काचं काय ते न्यायालय बघेल. त्यात तुमच्या खात्यानं पडू नये, आणि सरकारनं देऊळ ताब्यात घ्यावं असंही मी म्हणत नाही. ते जैन समाजाचं आहे, त्यांच्याकडेच राहावं. पण लेप कुणी लावायचा यावर शंभर वर्षं खल झाला, त्या लेपाखाली मूर्ती कशी आहे याची चर्चा गावात मी कधी ऐकली नाही. भुयारातली ओल, दिव्यांची काजळी, दूध-पाण्याचे अभिषेक, बंद दारामागची ती वर्षं, या सगळ्याचा परिणाम होतच असणार. आणि काय झालं ते नुसत्या डोळ्यांनी सांगता येत नाही. त्याला मूर्तिसंवर्धनाचे जाणकार लागतात. सांस्कृतिक वस्तूंच्या जतनासाठी लखनौला केंद्र सरकारची प्रयोगशाळा आहे, राज्याचं पुरातत्त्व संचालनालय तर तुमच्याच हाताखाली आहे.

तेव्हा मागणी अशी. दोन्ही पंथांची लेखी संमती घेऊन आणि लागेल तिथं न्यायालयाची परवानगी काढून मूर्तीचं सविस्तर छायाचित्रण आणि त्रिमितीय मोजणी करा. हात न लावता हे आता करता येतं. त्या नोंदीची एक प्रत दिगंबरांना, एक श्वेतांबरांना, एक संचालनालयात. यापुढे जेव्हा केव्हा लेप होईल तेव्हा आधीची आणि नंतरची अशीच नोंद व्हावी. मग कुणी काय खरवडलं, कुणी काय उमटवलं, यावरून एकमेकांची डोकी फोडायची वेळ येणार नाही. कागद काढायचा आणि बघायचं. भुयाराच्या ओलीची तपासणीही त्यातच उरकावी. आणि मूर्तीच्या प्रकृतीविषयी सरकारदरबारी जे अहवाल असतील ते न्यायालयाच्या परवानगीनं मराठीत लोकांसमोर ठेवा. अफवा इंग्रजीतल्या फायलींपेक्षा लवकर पोचतात, हे आम्ही २०२३मध्ये पाहिलं आहे.

गावाबाहेरच्या पवळीच्या देवळालाही त्याच फेरीत भेट द्यावी. तिथली जुनी शिल्पं पाहायला वाट वाकडी करून जाण्यासारखी आहेत, पण बंदोबस्ताच्या गडबडीत तिकडे कुणाचं लक्ष जात नाही.

अधिकारी पाठवाल तेव्हा दोन्ही पंथांच्या मंडळींना एकाच दिवशी, एकाच टेबलाशी बसवा. आजवर बहुतेकदा त्यांची गाठ कोर्टात नाही तर पोलीस ठाण्यातच पडत आली आहे. चहाची सोय गाव करेल.

आपला,
शिरपूर परिसरातला एक रहिवासी