पापण्यांच्या गोंदाबाबत तक्रार: तुमच्या स्टिकरखाली काय छापलं होतं

लालबाग, मुंबई
दिनांक : ९ डिसेंबर २०२५

प्रति,
तक्रार निवारण अधिकारी,
ग्राहक सेवा विभाग

विषय : स्ट्रिप लॅशेसचा (पट्टीच्या खोट्या पापण्यांचा) म्हणून विकलेला, प्रत्यक्षात एक्स्टेन्शनचा (खऱ्या पापण्यांना एकेक केस जोडण्याचा) निघालेला गोंद आणि त्यावर आपल्या ग्राहक सेवेने दिलेला सल्ला

महोदय / महोदया,

आपल्या संकेतस्थळावरून मी १८ नोव्हेंबरला लॅश ग्लूच्या ५ मिलीच्या दोन बाटल्या मागवल्या. एकीची किंमत ३४९ रुपये. पैसे परत मिळावेत म्हणून हे पत्र नाही. ते आपण चॅटवरच देऊ केलेत, वर पुढच्या खरेदीवर शंभर रुपयांचं कूपनही. पण ३० नोव्हेंबरच्या सकाळी त्यातल्या एका बाटलीने एका बाईंचा डोळा मिटला, तो पूर्ण उघडायला दुसऱ्या दिवशीची दुपार झाली. तुमच्या चॅटवर हे मी चार वेळा सांगितलं आणि चारही वेळा मला ‘गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत’ असं उत्तर आलं. ही गैरसोय नव्हती. म्हणून आता कागदावर लिहिते आहे.

मी एकोणीस वर्षं नवरीचा मेकअप करते. ३० तारखेला रविवार आणि मुहूर्त, त्यामुळे दोन लग्नं होती : दादरला मी, पार्ल्याला माझी मदतनीस. दोघींकडे तुमची एकेक बाटली. दोन्ही नवरीमुलींची पॅच टेस्ट, म्हणजे थोडा लावून ॲलर्जी येते का ते बघणं, दोन दिवस आधी, कानामागे, जुन्या बाटलीतल्या गोंदाने झाली होती आणि त्यांना तोच लावला. नवी बाटली आदल्या दिवशी उघडून बघायला हवी होती, ती मी बघितली नाही. ही माझी चूक, मान्य. पण लग्नघरात नवरीचं आटोपलं की ‘आता माझ्याही लाव ना गं’ म्हणत करवल्या, माम्या, काकू रांगेत येतात. नव्या बाटल्या निघाल्या त्या तेव्हा.

पट्टीच्या पापण्यांचा गोंद कसा असतो, ते माझ्या बोटांना ठाऊक आहे. दाट, बहुतेकदा दुधासारखा, पट्टीच्या कडेला ओढला की अर्धा मिनिट थांबायचं, जरा चिकट झाला की मग डोळ्याला लावायचं. दादरला मी तुमची बाटली उघडली तर पाण्यासारखा काळा थेंब आला आणि नाकात, डोळ्यांत झणझणलं. पट्टी चिमट्याने उचलेपर्यंत गोंद वाळून दगड झाला होता, चिमट्यासकट. मी करवलीला ‘आज नुसता मस्कारा’ म्हणून गप्प बसवलं आणि पार्ल्याला फोन लावला. दोनदा उचलला नाही. तिसऱ्यांदा तिचाच आला. ती रडत होती. ‘ताई, काकूंचा डोळा उघडत नाहीये.’

पोरगी वीस वर्षांची, हाताखाली येऊन आठ महिने झाले. तिला रंगावरून कळायला हवं होतं, असं तुमच्या माणसाने चॅटवर सुचवलं. काळा गोंद स्ट्रिप लॅशेससाठीही मिळतो, लायनरमध्ये मिसळून जावा म्हणून तसा बनवतात. तुमच्या पानावरच्या फोटोत पट्टीच्या पापण्याच आहेत, खोक्यावरही त्याच. वासाचं म्हणाल तर हॉलच्या त्या खोलीत हेअर स्प्रे, अत्तर आणि मोगरा यांच्यापुढे दुसरं काही नाकाला लागत नव्हतं.

आता मुख्य गोष्ट. मला फोन करण्याआधी तिने खोक्यावरचा कोड स्कॅन करून तुमची मदत मागितली होती. तिने लिहिलं : ‘लॅश ग्लूने पापणी चिकटली, काय करू?’ चार मिनिटांत उत्तर आलं, वेळेच्या बाबतीत तुम्ही तत्पर आहात. उत्तर असं : ‘कापसावर नेलपॉलिश रिमूव्हर घेऊन हळुवार पुसा.’

नेलपॉलिश रिमूव्हरमध्ये बहुतेकदा ॲसिटोन असतो. बोटं सुपरग्लूने चिकटली तर तो कामी येतो, म्हणूनच कोणीतरी तुमच्या उत्तरांच्या यादीत ते वाक्य घालून ठेवलं असेल. डोळ्यात ॲसिटोन गेला तर बुबुळावरचा नाजूक पडदा भाजतो. पोरीने नखांच्या किटमधून बाटली काढली होती, कापूस भिजवला होता. काकू नको म्हणाल्या, कारण त्यांना वास सहन होईना, आणि तेवढ्यात तिने मला फोन लावला. मी सांगितलं ते इतकंच : ओढू नकोस, चोळू नकोस, तेल नको, रिमूव्हर नको, कोमट पाण्यात भिजवलेला स्वच्छ कापूस मिटल्या डोळ्यावर ठेव आणि रिक्षा कर.

रविवार असूनही एक नेत्रतज्ज्ञ भेटले. त्यांनी मलम लावून वाट पाहिली, वरच्या काही पापण्या कापल्या, बुबुळावर बारीक ओरखडा निघाला, थेंब आणि मलम दिलं. दोन फेऱ्यांचा खर्च २,८०० रुपये, तो मी भरला. काकूंनी माझ्याकडे तक्रार केली नाही. डोळ्याला पट्टी बांधून त्या अक्षतांना वेळेवर हजर होत्या आणि म्हणत होत्या की नवरीपेक्षा माझेच फोटो लोकांनी जास्त काढले. हा त्यांचा चांगुलपणा आहे, तुमचा बचाव नव्हे.

त्या रात्री मी खोकं घेऊन बसले. किंमत छापलेलं तुमचं पांढरं स्टिकर नखाने सोलून काढलं. खाली इंग्रजीत छापलेलं होतं : फक्त व्यावसायिक वापरासाठी, पापणीच्या एक्स्टेन्शनसाठी, त्वचेला लावू नये, सायनोॲक्रिलेट. सगळं होतं. परदेशातल्या ज्या कारखान्याने ही बाटली भरली त्याने सांगितलं होतं. तुम्ही त्यावर किंमत चिकटवलीत.

हा फरक तुमच्या खरेदी विभागाला माहीत नसेल तर सांगते. एक्स्टेन्शनमध्ये शिकलेली बाई गिऱ्हाइकाला आडवं निजवते, डोळे मिटवते, खालच्या पापण्या जेल पॅडने झाकते आणि एकेका पापणीवर, कातडीपासून साधारण मिलिमीटरभर लांब, एकेक केस चिकटवते. दीड-दोन तास जातात. तिथे सायनोॲक्रिलेट लागतो, म्हणजे फेव्हिक्विकच्याच घराण्यातला गोंद, डोळ्याजवळ वापरण्यासाठी थोडा वेगळा केलेला. तो हवेने सुकत नाही, ओलाव्याने घट्ट होतो. म्हणूनच मुंबईच्या पावसाळ्यात एक्स्टेन्शनवाल्या एसी लावून, खोलीतली आर्द्रता मोजून काम करतात. स्ट्रिप लॅशेसचा गोंद मात्र थेट पापणीच्या कातडीवर बसतो, अंगावरची सगळ्यात पातळ कातडी, जेमतेम अर्धा मिलिमीटर, आणि शेजारी सतत ओला असलेला डोळा. ओलाव्याने दगड होणारा गोंद तिथे कोणी लावत नाही. दोन्ही बाटल्या ‘आयलॅश ग्लू’ या एकाच नावाखाली, एकाच फोटोसकट विकणं म्हणजे खोबरेल आणि टर्पेंटाइन दोन्हीवर ‘तेल’ लिहून ठेवणं.

मी हे काम ज्यांच्याकडे शिकले ते नाटकातले जुने रंगभूषाकार. मिशा, दाढ्या, टकलाच्या कडा, सगळं स्पिरिट गमवर, म्हणजे स्पिरिटमध्ये विरघळवलेल्या राळेवर. त्यांचा नियम होता की गमचा ब्रश गालाच्या हाडाच्या वर, डोळ्यांकडे जायचा नाही. भुवई चिकटवायची झाली तरी ते दुसरी बाटली काढायचे. त्यांच्या पेटीतल्या बाटल्यांवर शाळेच्या वहीची लेबलं होती, हाताने लिहिलेली, पण कुठली कशाची ते त्यावर असायचं.

३ डिसेंबरला तुमच्या विभागाकडून ईमेल आला की ६० मिलीपेक्षा कमी द्रवाच्या पॅकवर घटकांची यादी छापण्याची सक्ती नाही. सूट खरी आहे. पण त्याच सौंदर्यप्रसाधने नियम, २०२० मध्ये हेही आहे की धोका असेल तिथे आतल्या लेबलवर सुरक्षित वापराच्या सूचना, इशारा आणि धोकादायक घटकांची नावं व प्रमाण वाचता येईल असं द्यायचं. त्याला बाटलीच्या आकाराची पळवाट लागू नाही. शिवाय परदेशी मालावर आयातदाराचं नाव-पत्ता आणि नोंदणी क्रमांक हवा. तुमच्या स्टिकरवर किंमत आहे, कंपनीचा लोगो आहे आणि ‘लव्ह युवर लॅशेस’ असं लिहिलंय. तेवढ्या जागेत नोंदणी क्रमांक सहज मावला असता.

आणि समजा, बाटलीवर जागा नाही. संकेतस्थळावर तर आहे ना? तिथे तुम्ही ‘सेन्सिटिव्ह डोळ्यांसाठी’ आणि ‘नॅचरल’ असे दोन शब्द टाकून मोकळे होता. माझं एक नेहमीचं गिऱ्हाईक हॉस्पिटलात नर्स आहे. तिला रबरी हातमोज्यांनी अंगावर गांधी उठतात, श्वास लागतो, म्हणजे लॅटेक्सची ॲलर्जी. पट्टीच्या पुष्कळ गोंदांत लॅटेक्स असतं आणि लॅटेक्स रबराच्या झाडातूनच येतं, त्याच्याइतकं नॅचरल दुसरं काय असणार? तिच्यासाठी तोच शब्द धोक्याचा. तिला लॅटेक्स-मुक्त, ॲक्रिलेट कोपॉलिमरचा, म्हणजे कृत्रिम चिकटद्रव्याचा गोंद लागतो, आणि तो आहे की नाही ते मला बाटली उघडून अमोनियासारखा वास येतो का, यावरून ओळखावं लागतं. एकोणीस वर्षांच्या नाकावर हे जमतं. पहिल्यांदा कॉलेजच्या गॅदरिंगला लॅशेस लावणारी मुलगी काय हुंगणार?

तेव्हा मला हवंय ते असं. या बाटलीचा बॅच क्रमांक धरून, ज्यांनी ज्यांनी ती स्ट्रिप ग्लू समजून घेतली त्या प्रत्येकाला फोन करा. ईमेल नको, जाहिरातींच्या ढिगात तो कोणी उघडत नाही. पानावरून पट्टीचा फोटो आजच्या आज काढा आणि एक्स्टेन्शनचा गोंद वेगळ्या नावाने, वेगळ्या जागी ठेवा. प्रत्येक गोंदाच्या पानावर लॅटेक्स आहे की नाही आणि सायनोॲक्रिलेट आहे की नाही, एवढी दोन वाक्यं तरी मराठी-हिंदीत लिहा. चॅटमधला नेलपॉलिश रिमूव्हरचा सल्ला काढून टाका आणि तो काढल्याचं मला लेखी कळवा. काकूंच्या उपचाराचे २,८०० रुपये त्यांच्या नावे द्या, माझ्या नाही. कूपन तुमच्याकडेच राहू द्या.

ई-कॉमर्स नियमांनुसार ग्राहकाची तक्रार मिळाल्यावर ४८ तासांत पोच आणि महिन्याच्या आत निवारण व्हायला हवं. पोच म्हणून मला यंत्राने लिहिलेला मेसेज आला, तो मी धरून चालते. माझी तक्रार ३० नोव्हेंबरची आहे, म्हणजे ३० डिसेंबरपर्यंत वेळ तुमचा. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ वर नोंद मी करून ठेवली आहे. त्यानंतर जिल्हा ग्राहक आयोग, तिथे पाच लाखांपर्यंतच्या मामल्याला फी लागत नाही हेही मी बघून ठेवलंय.

सोबत चॅटचे स्क्रीनशॉट, डॉक्टरांचे कागद आणि सोललेल्या खोक्याचे फोटो जोडले आहेत. बाटल्या मात्र जोडलेल्या नाहीत. तुमच्या कुरियरचा माणूस त्या ‘रिटर्न पिकअप’ म्हणून न्यायला दोनदा दारात येऊन गेला, दोन्ही वेळा मी त्याला पाणी देऊन परत पाठवलं. एक बाटली मी वांद्रे-कुर्ला संकुलातल्या अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात तक्रारीसोबत देणार आहे. दुसरी तुम्हाला तपासायची असेल तर कंपनीचा जबाबदार माणूस सही-शिक्क्याची पावती घेऊन येऊ द्या. मंगळवार सोडून कधीही, मंगळवारी माझी लग्नं नसतात पण क्लास असतो.

आपली,
एक ग्राहक
(ऑर्डर क्रमांक जोडलेल्या पावतीवर आहे)