शाळेआधीचा तबेला

महोदय,
दस्तुरी नाक्यापुढे मोटारींना बंदी असल्याने माथेरानमधली कित्येक घरे आजही घोड्यावर चालतात. गेल्या महिन्यात तिथे मुक्कामी असताना सकाळी शेजारच्या तबेल्यात सात-आठ वर्षांचा एक मुलगा दिसला. लीद भरून झाली, पाणी पाजून झाले, मग उपड्या बादलीवर चढून तो घोडीला खरारा करू लागला. तरी हात पाठीपर्यंत पोचेना. मी मागून जाऊ लागलो तर दरडावलेच त्याने, "काका, आधी आवाज द्या, लाथ बसंल!"

सोबतच्या एकाने लगेच 'बालमजुरी' म्हणून नाक मुरडले. मला ते पटले नाही. २०१६ च्या दुरुस्तीनंतर कायदाही शाळेच्या वेळेबाहेर, धोका नसलेल्या घरच्या कामात मदत करू देतो. पण दुपारी, ऐन शाळेच्या वेळेत, तेवढ्याच वयाची पोरे लगाम धरून लाल मातीच्या उतारावर पर्यटकांच्या घोड्यापुढे धावत होती, त्यांचे काय? लगाम लहान मुलाच्या हाती असेल तर त्या घोड्यावर बसायचे नाही, एवढे तरी आपण पर्यटक ठरवू शकतो.

– एक वाचक, बदलापूर