बागेखाली राडारोडा पुरू नका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

पुनर्विकासाच्या करारावर सह्या करायला निघालेल्या ठाण्यातल्या सोसायट्यांनी वाचावं, म्हणून हे पत्र.

पाचपाखाडीतली आमची इमारत १९७९ सालची. ती पाडून नवी झाली आणि दोन वर्षांपूर्वी आम्ही राहायला आलो. करारात ठरल्याप्रमाणे कंपाउंडच्या भिंतीलगत चाळीस फुटी बागेची पट्टी मिळाली. वर छान लाल माती. वागळे इस्टेटमध्ये तेहतीस वर्षं फिटरचं काम केलं, निवृत्त झाल्यावर गुलाब लावायचे हे फार जुनं ठरलेलं होतं. दसऱ्याला सहा कलमं आणून लावली.

जानेवारीत शेंडे पिवळे पडायला लागले. खालची जुनी पानं पिवळी पडली असती तर नत्र कमी आहे म्हटलं असतं. इथे कोवळी पानं पिवळी, आणि त्यात शिरा तेवढ्या हिरव्या, जाळी काढल्यासारख्या. ही लोहाच्या कमतरतेची खूण. हिराकस, म्हणजे लोहाचं सल्फेट, पाण्यात विरघळवून फवारलं. पंधरा दिवस पानं हिरवी झाली, पुन्हा तेच. मार्चअखेर चार झाडं गेली.

मग पहार घेऊन एक खड्डा खणला. जेमतेम आठ इंचांवर पहार खणकन वाजली. लाल माती तिथेच संपली होती. खाली प्लास्टरचे पोपडे, लादीचे तुकडे, घट्ट झालेलं सिमेंटचं अर्धं पोतं. एका पोपड्यावर पिस्ता रंग होता. आमच्या जुन्या जिन्याचा तो रंग, मी सेक्रेटरी असताना सभेत बसून निवडलेला. आमचीच इमारत फोडून आमच्याच बागेखाली घातली होती. एका खड्ड्यातून अठरा घमेली निघाली.

घरातलं व्हिनेगर आणून वरच्या लाल मातीवर ओतलं, काही झालं नाही. खालच्या भुकटीवर ओतलं तर सोडा वॉटरसारखा फेस आला. फेस आला म्हणजे त्यात चुना आहे. गुलाबाला सामू (pH, म्हणजे मातीचा आंबटपणा मोजायचा आकडा; ७ च्या खाली आंबट) ६ ते ६.५ च्या आसपासची, किंचित आंबट माती मानवते. सिमेंट-चुन्याने सामू वर चढतो आणि मातीत लोह असूनही मुळांना ते उचलता येत नाही. वरून कितीही खत घाला, फवारे मारा, पैसे पाण्यात. पोत्यातून विकत आणलेल्या मातीवरही ही परीक्षा जरूर करावी, दोन चमचे व्हिनेगर पुरतं.

मे महिन्यात नाक्यावरचे दोन मजूर घेऊन सहाही खड्डे दोन फूट लांब, दोन फूट रुंद, दोन फूट खोल खणले. राडारोडा वेगळा काढला आणि खड्डे पंधरा दिवस उन्हात तापू दिले. भरताना दोन भाग चाळलेली लाल माती, एक भाग शेणखत, एक भाग कुजलेला पालापाचोळा आणि खड्ड्यागणिक दोन मुठी निंबोळी पेंड. शेणखताच्या बाबतीत मात्र घाई करू नये. तबेल्यातून आणलेलं ओलं शेण थेट घातलं तर ते मुळाशी कुजताना तापतं आणि त्यातून हुमणी नावाची पांढरी अळी येते, जी मुळंच कुरतडते. मी सहा-आठ महिने कुजलेलं खत आणलं. काळं, हातात भुरभुरणारं, वास घेतला तर पहिल्या पावसाचा वास. वाफा जमिनीपासून फूटभर उंच ठेवला, कारण ठाण्याच्या पावसात दोन दिवस पाणी तुंबलं तरी गुलाबाची मुळं सडतात. पावसाळाभर माती बसू दिली आणि ऑक्टोबरमध्ये नवी कलमं लावली, डोळा भरलेला सांधा, म्हणजे कलम जोडलेली गाठ, मातीच्या दोन इंच वर ठेवून. या फेब्रुवारीत सहाही झाडं फुलली. नव्या फुटीची पानं तांबूस, तुकतुकीत आहेत.

पण मला खरी हळहळ वाटते ती जुन्या मातीची. जुन्या आवारात चाळीसएक वर्षं पालापाचोळा पडून कुजलेली काळीभोर माती होती, फावडं मारलं की गांडुळं निघायची. पाया खणताना ती डंपरमध्ये भरून गेली. कुठे गेली, कुणी विचारलं नाही. मीही नाही, याचं वाईट वाटतं.

बांधकामाचा राडारोडा वेगळा ठेवून त्याची विल्हेवाट लावण्याचे नियम २०१६ पासून आहेत. खाडीत डंपर रिकामा झाला की बोंब होते आणि ती व्हायलाच हवी. बागेत पुरलेला मात्र आठ इंच मातीखाली कुणाला दिसत नाही. भोगवटा प्रमाणपत्र देण्याआधी लिफ्ट, आगीची यंत्रणा बघतात, तसा बागेत दोन फुटांचा एक खड्डाही खणून बघावा अशी माझी महापालिकेला विनंती आहे. अर्ध्या तासाचं काम आहे.

आणि सोसायट्यांनी करारात एवढं घालून घ्यावं: 'आवारातील वरची दोन फूट माती पाडकामाआधी काढून वेगळी साठवावी व काम पूर्ण झाल्यावर बागेसाठी परत द्यावी. बागेच्या जागेत राडारोडा भरू नये.' आमच्या एकोणसाठ पानी करारात पार्किंगवर चार पानं होती, मातीवर एक ओळ नव्हती.

आपला,
एक ज्येष्ठ वाचक, पाचपाखाडी, ठाणे