मिरवणुकीतला ड्रॅगन जपला, छावण्यांची जमीनही जपा

मा. नियोजनमंत्री, व्हिक्टोरिया राज्य यांस,

स. न. वि. वि.

व्हिक्टोरियाचा सोनखाणींचा मुलूख 2025मध्ये ऑस्ट्रेलियाच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत आला. पुढचा मोठा प्रस्ताव तयार होण्याआधी, तिथल्या चिनी खाणकामगारांच्या छावण्या आणि कबरी जपाव्यात यासाठी हे पत्र लिहीत आहोत. वारसा कायदा आपल्या खात्याकडे आहे, म्हणून ते आपल्याला. त्याची इंग्रजी प्रत आपल्या कार्यालयाकडे पाठवली आहे. मराठीत लिहिण्याची कारणे दोन. सुट्टीच्या दिवशी सोने शोधायला धातूचा डिटेक्टर घेऊन बेंडिगो-कॅसलमेनकडे जाणाऱ्यांत मराठी मंडळीही असतात. शिवाय 1855मध्ये चिन्यांसाठी केलेल्या कायद्यापासून निघालेली वाट 1901च्या स्थलांतर निर्बंध कायद्यापर्यंत गेली. त्यातल्या युरोपीय भाषेतल्या 50 शब्दांच्या श्रुतलेखन परीक्षेने हिंदुस्थानी माणसालाही दाराबाहेरच ठेवले.

चिनी खाणकामगार म्हटले की सरकारी पुस्तिकांत तीनच गोष्टी येतात: बेंडिगोचे लाल विटांचे देऊळ, गोल्डन ड्रॅगन संग्रहालय आणि ईस्टरची मिरवणूक. तिन्ही नीट सांभाळल्या आहेत, त्यांबद्दल आमची तक्रार नाही. पण ही माणसे राहिली, राबली आणि मेली ती जागा वेगळी आहे. तिथे ना फलक आहे, ना कुंपण.

1855च्या कायद्याने जहाजाच्या दर 10 टनांमागे एकच चिनी प्रवासी आणि माणशी 10 पौंड कर ठरवला. जहाजवाल्यांनी मग शेजारच्या दक्षिण ऑस्ट्रेलियातले रोब बंदर गाठले. 1857च्या सुमारास हजारो माणसे तिथे उतरून 400 किलोमीटरहून अधिक पायी चालत आली. अशाच एका जथ्याला वाटेत अरॅरॅटला सोने लागले. 4 जुलै 1857ला बकलंड नदीकाठी गोऱ्यांच्या जमावाने दोन हजारांवर चिन्यांना हुसकावून लावले. पुढे राहण्याचाही कर लागला: आधी दर दोन महिन्यांना 1 पौंड, मग 1859मध्ये वर्षाला 4 पौंड. 1861च्या जनगणनेत राज्यात सुमारे 24,700 चिनी होते, त्यांत स्त्रिया फक्त 8. या करांबद्दल 2017मध्ये प्रीमियर डॅनियल अँड्र्यूज यांनी विधिमंडळात माफी मागितली. ते योग्यच झाले. जमिनीची पाहणी मात्र राहून गेली.

छावण्या सरकारनेच आखल्या होत्या. तंबू ओळीत, मधे रस्ते, प्रत्येक छावणीला मुकादम आणि वर ‘संरक्षक’ नावाचा एक सरकारी अधिकारी. (बेंडिगोचे संरक्षक स्टँडिश पुढे पोलीसप्रमुख झाले, यावरून संरक्षणाची जात कळावी.) सरकारी आखणी होती म्हणूनच नकाशे आणि पत्रव्यवहार राज्याच्या अभिलेखागारात सापडू शकतात. ते आजच्या नकाशावर बसवून, लायडारच्या (विमानातून लेसरने टिपलेल्या जमिनीच्या उंचसखलपणाच्या) चित्राशी ताडून, मग पायी फिरून बघावे. हाच क्रम ठेवा. नुसत्या लायडारवर विसंबले तर खाणीचे ढिगारे आणि झोपड्यांची जोती सारखीच दिसतात.

पायी फिरताना काय दिसते? एका रांगेत सपाट दगडांचे बसके ढीग, एका बाजूला तोंड. या चुली. जवळ तपकिरी रोगणाच्या बरण्यांचे तुकडे, हिरवट वाडग्यांच्या खापऱ्या, भोकाची तांब्याची नाणी, अफूच्या पितळी डब्यांची झाकणे. मोठ्या छावणीत डुक्कर भाजायची गोल दगडी भट्टीही मिळते. ओढ्याच्या बाजूला भाजीच्या मळ्यांचे वाफे, छोटे बांध आणि पाण्याचे पाट. कावडीने पाणी घालून पिकवलेली ही भाजी सगळे गाव खात असे.

डिटेक्टर नेमका त्या नाण्यांवर आणि झाकणांवर वाजतो. सोने नाही म्हणून माणूस वस्तू फेकतो किंवा खिशात टाकतो, खड्डा तसाच राहतो. वस्तू थरातून निघाली की ती कोणत्या झोपडीची, कोणत्या काळातली, हे कळायचा मार्ग संपतो. 2017च्या वारसा कायद्याने 75 वर्षांवरच्या पुरातत्त्वीय जागांना, यादीत नसल्या तरी, संरक्षण दिले आहे. परवान्यावर सोने शोधणाऱ्याला मात्र नकाशात काहीच दिसत नाही, तर तो थांबेल कसा? यावर जागेचा नेमका ठिपका प्रसिद्ध करू नका, तो चोराला आमंत्रण ठरतो. मोठे क्षेत्र रंगवून ‘खोदकाम बंद’ एवढेच लिहा. तोच थर वनविभागाच्या आगरेषांच्या (वणवा रोखायला बुलडोझरने मोकळ्या केलेल्या पट्ट्यांच्या) नकाशातही घाला, कारण डिटेक्टरवाल्याने वर्षभरात केलेले नुकसान बुलडोझर एका दुपारी करतो.

कबरींचे काम सगळ्यांत निकडीचे. बेंडिगोचे व्हाइट हिल्स, बीचवर्थ, वॉन इथल्या चिनी कबरींवर सहसा उजव्या ओळीत जिल्हा आणि गाव, मधे नाव, डावीकडे मृत्यूची तारीख असते. ओळी उभ्या असल्याने गावाचे नाव खाली येते. कलता दगड सरळ करताना बुंध्याशी सिमेंट काँक्रीट ओतले, की ओल दगडातूनच वर चढते, क्षार काँक्रीटच्या लगेच वरच्या भागात फुलतात आणि वाळूच्या दगडाचे पापुद्रे नेमके तिथून सुटतात. जिल्हा वाचता येतो, गाव जाते. वंशज शोधत येतात ते गावच. म्हणून बुंध्याला चुन्याचा गाराच वापरा. साफसफाई पाणी आणि मऊ नायलॉन ब्रशने. तारेचा ब्रश, ब्लीच, दाबाचे पाणी अजिबात नको. पुसट अक्षरे रंगवून घेऊ नका; रंगवणाऱ्याला चिनी येत नसेल तर रेघ चुकते आणि नाव बदलते. त्याआधी प्रत्येक दगडाचा फोटो काढा, दिवा दगडाशी जवळजवळ समांतर धरून, चारही बाजूंनी. बीचवर्थच्या 1857च्या, मृतांसाठी कागद जाळायच्या मनोऱ्यांनाही हाच नियम: सिमेंटचा गिलावा नको.

फलकांबद्दल एक. ‘गोल विहीर म्हणजे चिनी खाण’ हे वाक्य जागोजागी दिसते. गोल विहिरी इतरांनीही खणल्या. पुरावा नसेल तिथे ते वाक्य खोडा. उलट उत्तर बेंडिगोत चिन्यांच्या वीटभट्टीचे उत्खनन झाले आहे, त्याची माहिती किती पर्यटकांपर्यंत पोचते?

निधी थोडा असेल तर आधी कबरींचे फोटो आणि वाचन, मग छावण्यांची पायी पाहणी, फलक शेवटी. पहिली दोन कामे प्रस्तावाच्या मसुद्याआधी व्हावीत. मसुद्यात हद्दी एकदा आखल्या गेल्या की बाहेर राहिलेली छावणी आत घेणे अवघड होईल. वाचनासाठी दक्षिण चीनमधल्या, तैशान धरून चार जिल्ह्यांच्या गावांची जुनी नावे जाणणारी माणसे चिनी समाजातूनच घ्या आणि त्यांना कामाचे पैसे द्या.

कळावे,

व्हिक्टोरियात वारसा जतन आणि पुरातत्त्वाचे काम करणारे काही मराठी भाषक