‘जी-हे’चा अर्थ आणि आपली ‘नकुसा’

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतील मुलींच्या कोरियन नावांची यादी माझ्या नातीने मला मोठ्या उत्साहाने वाचून दाखवली. त्यात ‘जी-हे म्हणजे शहाणपण’ असे एका ओळीत उरकले आहे. ते चूक नाही, पण अपुरे आहे, आणि नावांविषयी अपुरे सांगितलेले मला राहवत नाही.

कोरियन नाव हांगुल लिपीत लिहिले की त्याचा केवळ उच्चार कळतो. अर्थ ठरतो तो बहुधा त्या उच्चारासाठी आईवडिलांनी निवडलेल्या चिनी अक्षरांवरून. ‘जी’साठी कुणी ज्ञानाचे अक्षर घेतात, कुणी निश्चयाचे, ‘हे’साठी कुणी बुद्धीचे, तर कुणी कृपेचे. त्यामुळे एकाच वर्गातील दोन जी-हेंच्या नावांचे अर्थ निराळे असू शकतात. (‘हा-नुल’ म्हणजे आकाश, अशा अस्सल कोरियन शब्दांचे मात्र तसे नाही.) ‘जी-हे’ हा शहाणपण या अर्थाचा रोजच्या वापरातला शब्दही आहे आणि बौद्ध ग्रंथांच्या चिनी भाषांतरांत संस्कृत ‘प्रज्ञा’साठी योजलेल्या शब्दाचाच तो कोरियन उच्चार आहे. म्हणजे आमच्या साताऱ्यातील शाळाशाळांतून दिसणाऱ्या प्रज्ञा आणि सोलमधील जी-हे या एका अर्थाने नावबहिणीच म्हणायच्या. एवढे जरी यादीत आले असते, तरी माझ्या नातीला ते नाव परके वाटले नसते.

दक्षिण कोरियात १९८८ साली जन्मलेल्या मुलींमध्ये जी-हे हे सर्वाधिक ठेवले गेलेले नाव होते. पण त्याच काळात तेथे गर्भलिंगनिदान बोकाळले होते आणि १९९० साली दर १०० मुलींमागे ११६ हून अधिक मुलगे जन्मले. मुलीला इतके सुंदर नाव देणारा समाज तिला जन्म नाकारतही होता, ही गोष्ट मला अस्वस्थ करते. त्याआधीच्या पिढीत तर ‘मल-जा’ हे नाव असे. त्यातील ‘मल’ म्हणजे शेवट. ही शेवटचीच मुलगी ठरो, पुढचा मुलगा होवो, ही इच्छा मुलीने जन्मभर नाव म्हणून वागवायची.

आम्हा सातारकरांना याचे भाषांतर लागत नाही. ऑक्टोबर २०११ मध्ये आमच्या जिल्ह्यातील २८५ ‘नकुसा’ आणि ‘नकोशी’ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. त्यांच्यातील एक माझ्या वर्गात होती. जुने नाव पुकारले की ती खाली मान घालून ‘हजर’ म्हणायची. हजेरीपटावर नवे नाव चढल्यावर पहिले काही दिवस ते आपलेच आहे हे तिच्या ध्यानातच येत नसे. शेजारची मुलगी कोपराने ढोसायची, तेव्हा ती दचकून उभी राहायची आणि उभी राहिल्यावर हसायची.

म्हणून विनंती अशी, की पुढील यादीत प्रत्येक नावापुढे एकच अर्थ न छापता ते नाव कोणत्या अक्षरांनी लिहिले जाते आणि कोणत्या काळात ठेवले गेले, हेही द्यावे. आणि केवळ गोड नावे न निवडता मल-जालाही त्या यादीत जागा द्यावी.

आपली विश्वासू,
एक निवृत्त शिक्षिका, सातारा