टच फोनवरचे जुने गेम भंगारात घालू नका

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला मोबाईल गेमवरचा लेख वाचला, चांगला होता, पण फोनवर बंदुकीचे गेम २०१८ ला पब्जीपासनंच सुरू झाले असं वाचणाऱ्याला वाटेल, म्हणून लिहितोय. मी नवी पेठेत २००९ पासून मोबाईल रिपेअरिंग करतो. तेव्हा निम्मा धंदा मेमरी कार्डात गाणी आणि गेम भरून द्यायचा होता, कारखाना सुटला की पोरं रांगेनं यायची.

त्यात लई मागणी होती डोकं लावून खेळायच्या गेमांना. कॉम्प्युटरवरचा १९९८ चा रेनबो सिक्स हा कमांडोंचा बंदुकीचा गेम घ्या, नुसतं धावत सुटलं की मेलाच. आधी नकाशा बघायचा, कुणी कुठल्या दारातनं घुसायचं ठरवायचं, मग पाऊल टाकायचं. त्याला हाताखाली अख्खा कीबोर्ड आणि माऊस. हे सगळं टच फोनवर कसं आणायचं?

तेव्हाचे बरेच टच रेझिस्टिव्ह, नोकिया ५८०० चा ३.२ इंची पण तसाच. दोन पातळ थर, वरचा दाबला की खालच्याला टेकतो, आणि फोनला एकच जागा कळते. दोन बोटं एकदम ठेवली तर तो मधलीच जागा धरतो. एका गिऱ्हाईकाच्या असल्याच सेटवर बघितलं मी, डावा अंगठा चालायच्या बाणावर, उजवा गोळीच्या बटणावर, आणि पडद्यावरचा माणूस ना चालतोय ना गोळी सुटतेय. मला वाटलं टच गेलाय, नवीन बसवला, तरी तेच.

मग गेम बनवणाऱ्यांनी काय केलं बघा, चालणं आणि मारणं एकदम लागूच नये अशी रचना केली. आडोशाला जाऊन थांबा, शत्रूवर बोट टेकवा, नेम आपोआप लागतो. जावा गेम, म्हणजे तेव्हाच्या साध्या फोनवर चालणारा छोटा गेम, साधारण एक एमबीच्या आत बसवायचा, वर २४० बाय ३२०, २४० बाय ४००, ३६० बाय ६४० अशा प्रत्येक स्क्रीनला वेगळी फाईल. कीपॅडचा गेम तसाच टाकला तर निम्म्या स्क्रीनवर कीपॅड उमटायचं आणि खेळ वर काडेपेटीएवढा.

कपॅसिटिव्ह टच, म्हणजे न दाबता नुसतं बोट लावलं की चालणारा आणि दोन बोटं वेगळी ओळखणारा, आल्यावर दोन्ही अंगठे मोकळे झाले, २००९ ला गेमलॉफ्ट या गेम बनवणाऱ्या कंपनीचा मॉडर्न कॉम्बॅट सँडस्टॉर्म हा बंदुकीचा गेम आला, २०११ ला त्यांनीच रेनबो सिक्स नव्यानं फोनवर आणला, साथीदारांना हुकूम द्यायच्या सोयीसकट. डाव्या अंगठ्यानं चालणं आणि उजव्यानं नेम, पब्जीत पोरं हेच करतात. पण मला विचाराल तर खरी कमाल त्याआधीच्या एका बोटाच्या गेमांची, कारण हातात काहीच नसताना त्यांनी विचार करून खेळायची गंमत जिवंत ठेवली.

आता हे गेम मिळत नाहीत. गेम उतरवून घ्यायचं नोकियाचं ऑनलाइन स्टोअर गेलं, २०१७ ला आयफोनची नवी सिस्टिम आयओएस ११ आली आणि ३२ बिटचे, म्हणजे जुन्या पद्धतीच्या प्रोसेसरसाठी बनवलेले गेम आयफोनवर उघडायचे बंद झाले. उरलेत ते लोकांच्या कपाटातल्या सेटमध्ये, आणि ते सेट किलोवर भंगारात चाललेत हे मी रोज बघतो, जीव तुटतो. सोलापूरकरांनी जुना टच फोन विकायच्या आधी मेमरी कार्ड तरी काढून ठेवावं, आणि इथल्या इंजिनिअरिंग कॉलेजांनी असले सेट जमा करून पोरांना उघडून दाखवावेत.

तुम्ही पुरवणीत यावर छापणार असाल तर माझ्याकडं तीन सेट चालू आहेत, गेमसकट. सांगाल त्या दिवशी ऑफिसात घेऊन येतो, बारीक पिनचा चार्जर पण आणतो.

आपला नम्र,
एक मोबाईल दुरुस्तीवाला, नवी पेठ, सोलापूर